गुन्हा, गुन्हेगाराचे मन आणि माहितीपट : आयुष्य या कामात घालावे का?

दुधनाकाठ (परभणी) · ३ नोव्हेंबर, रात्री ९.४०

नमस्कार. मी परभणीची. संभाजीनगरला विद्यापीठात वृत्तविद्या शिकले आणि गेली सात वर्षे माहितीपट करते आहे. घर चालते ते लग्नांच्या चित्रीकरणावर. स्वतःच्या ओढीने केलेले माहितीपट दोनच, एक ऊसतोड कामगारांच्या मुलांवर आणि दुसरा विहिरी खोदणाऱ्या कुटुंबांवर. आता पुढची वर्षे एकाच विषयाला द्यावीत असे मनाने घेतले आहे. आपल्या भागात घडलेले खून, त्यांचे तपास, त्यांचे खटले आणि ज्यांच्या हातून ते घडले त्यांची मने, हा तो विषय.

याचे मूळ घरातच आहे. वडील जिल्हा न्यायालयात लिपिक होते, त्यामुळे मुद्देमाल, पंच, फितूर, नक्कल हे शब्द मी पाढ्यांच्या आधी शिकले. मानवत आमच्यापासून तासाभराच्या वाटेवर आहे. १९७२ ते १९७४ या काळात तिथे बायकामुलींचे जे खून झाले आणि तपासात गुप्तधनासाठी नरबळीचे जे प्रकरण पुढे आले, त्याची धास्ती माझ्या आजीच्या अंगात शेवटपर्यंत होती. कापूस वेचताना ती आम्हा नातींना मधल्या ओळींत घालायची आणि स्वतः कडेच्या ओळीने चालायची. ती तशी का चालते हे मला फार उशिरा कळले. माणूस खुनापर्यंत कसा पोचतो हे मला समजून घ्यायचे आहे, आणि त्या खुनाची भीती तीस वर्षांनी एका म्हातारीच्या चालण्यात कशी उरते हेही.

परवा वडील म्हणाले, "मेलेल्याच्या टाळूवरचे लोणी खाण्यात आणि तुझ्या या कामात फरक काय, तेवढे मला समजावून सांग." त्यांनी ते रागाने विचारले नव्हते, म्हणूनच मला उत्तर देता आले नाही. जाणकारांनी आणि ज्यांच्यावर असे प्रसंग गुदरले आहेत त्यांनीही मोकळेपणाने लिहावे, ही विनंती. हे आयुष्यभराचे काम होऊ शकते का? आणि मी मानसशास्त्र शिकलेली नसताना कुणाच्या मनाविषयी बोलण्याचा मला कितपत अधिकार आहे?

रानवारा (सेलू) · ३ नोव्हेंबर, रात्री १०.१५

वडिलांचा प्रश्न रास्त आहे, त्याला बगल देऊ नका. माझे माहेर मानवतचे. कापसाची एवढी मोठी बाजारपेठ असलेले गाव, पण परगावी नाव सांगितले की समोरचा माणूस आधी खुनांविषयी विचारतो. २०२४ साली त्यावर मालिका आली, तेव्हा मला पाच जणांनी दूरध्वनी केले. गेलेल्या मुलींची नावे काय होती, असे त्यांच्यापैकी एकानेही विचारले नाही. करणी, झाडाखालचे धन आणि बळी एवढेच त्यांना ऐकायचे होते. आणखी एक माहितीपट निघाला तर आणखी पाच दूरध्वनी येतील, दुसरे काही होणार नाही, असे मला वाटते.

उदगीरकर · ३ नोव्हेंबर, रात्री १०.३२

रानवाराताई, ती नावे कुणी विचारत नाही, हेच तर असा माहितीपट करण्याचे कारण आहे.

बिंदुसरा (बीड) · ३ नोव्हेंबर, रात्री ११.५०

या वाटेवर चाललेल्या माणसाचे उदाहरण म्हणून अमेरिकन माहितीपटकार एरॉल मॉरिस यांच्याकडे पाहावे असे मी सुचवेन. चित्रपटाला पैसे मिळेनात तेव्हा त्यांनी काही काळ खासगी गुप्तहेर म्हणून काम केले होते, आणि त्या कामाची शिस्त त्यांच्या पुढच्या सगळ्या मुलाखतींत उतरली. टेक्सासला ते गेले होते जेम्स ग्रिगसन नावाच्या मनोविकारतज्ज्ञावर माहितीपट करायला. फाशीच्या खटल्यांत हे डॉक्टर सरकार पक्षातर्फे साक्ष देत आणि हा आरोपी पुन्हा खून करणारच, असे छातीठोकपणे सांगत. त्यांच्या साक्षीने शिक्षा झालेल्या कैद्यांना मॉरिस भेटत होते, तेव्हा त्यांत रँडल अॅडम्स नावाचे गृहस्थ निघाले. १९७६ साली डॅलसमध्ये एका पोलिसाचा खून झाला होता, त्यात अॅडम्स यांना फाशी सुनावली गेली आणि पुढे ती जन्मठेपेवर आली. आपण निर्दोष आहोत, असे ते सांगत होते. मॉरिस यांनी ठरवलेला माहितीपट बाजूला ठेवला, खटल्याचे कागद काढले, साक्षीदार एकेक करून गाठले आणि १९८८ साली 'द थिन ब्लू लाइन' लोकांसमोर आणला. १९८९ साली अॅडम्स सुटले.

दुधनाकाठताई, यातल्या दोन गोष्टी तुमच्यासाठी मुद्दाम सांगतो. ज्याच्या साक्षीमुळे अॅडम्स अडकले होते, त्या तरुणाची शेवटची आणि सर्वांत महत्त्वाची मुलाखत घ्यायच्या दिवशी कॅमेरा बंद पडला. मॉरिस यांनी ती नुसत्या ध्वनिमुद्रकावर घेतली. माहितीपटाच्या शेवटी म्हणूनच पडद्यावर फक्त ध्वनिमुद्रक दिसतो आणि त्यातून तो आवाज येत राहतो, आणि मी तो भाग जितक्या वेळा पाहिला तितक्या वेळा श्वास रोखून ऐकला आहे. दुसरी गोष्ट अशी की, सुटल्यानंतर अॅडम्स यांनी मॉरिस यांच्यावरच दावा लावला, कारण स्वतःच्या आयुष्याच्या कथेवर कुणाचा हक्क, हा प्रश्न त्यांना सोडवून घ्यायचा होता. तो न्यायालयाबाहेर मिटला. ज्याने तुरुंगातून बाहेर काढले त्यालाही तो प्रश्न चुकला नाही, तेव्हा वडिलांचा प्रश्न तुम्हाला चुकेल असे समजू नका.

मनाचिये_गुंती (छत्रपती संभाजीनगर) · ४ नोव्हेंबर, सकाळी ७.२०

मी मानसशास्त्रज्ञ आहे, तेव्हा दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर देण्याचा प्रयत्न करते. बिंदुसरा यांनी उल्लेख केलेल्या ग्रिगसन यांना अमेरिकेतील मनोविकारतज्ज्ञांच्या संघटनेने १९९५ साली काढून टाकले. प्रत्यक्ष न तपासलेल्या माणसाचे निदान करणे आणि पुढे तो काय करेल हे शंभर टक्के खात्रीने सांगणे, हा त्यांचा दोष ठरला. पदवी असलेल्या माणसालाही जे करता येत नाही, ते कॅमेरा असलेल्या माणसाने करू नये.

मनोविकृतीच्या, म्हणजे सायकोपथीच्या, मापनासाठी रॉबर्ट हेअर यांची सूची सर्वत्र वापरली जाते. तिच्यात २० मुद्दे आहेत, प्रत्येकाला शून्य ते दोन गुण, म्हणजे एकूण ४०, आणि उत्तर अमेरिकेत साधारण ३० च्या वर गेलेल्याला मनोविकृत म्हणतात. ते गुण देण्यासाठी प्रशिक्षण लागते, दीर्घ मुलाखत लागते आणि त्या माणसाची जुनी कागदपत्रेही लागतात, कारण असा माणूस समोर बसून फार गोड बोलू शकतो. गुन्ह्यांवरच्या कार्यक्रमांत चार वाक्ये ऐकून 'हा सायकोपॅथ आहे' असे सांगणारे तज्ज्ञ मी पाहते तेव्हा मला मनापासून वाईट वाटते.

तरीही तुमच्यासाठी जागा आहे, आणि ती मोठी आहे. निदान करणे हे तुमचे काम नाही. पण माणूस स्वतःच्या कृत्याची गोष्ट कशी सांगतो, कुठे थांबतो, कोणता तपशील दर वेळी बदलतो, हे टिपून ठेवणे हे तुमचेच काम आहे. तेवढे करताना प्रश्न कसा विचारता याकडे फार लक्ष द्या. एलिझाबेथ लॉफ्टस यांनी १९७४ साली केलेल्या प्रयोगात लोकांना मोटारींच्या अपघाताची फीत दाखवली होती. गाड्या एकमेकींना 'लागल्या' तेव्हा वेग किती होता, असे विचारले की लोक कमी वेग सांगत. गाड्यांचा 'चुराडा झाला' तेव्हा वेग किती होता, असे विचारले की जास्त सांगत, आणि आठवड्यानंतर त्यांच्यातल्या अधिक जणांना फुटलेली काच आठवू लागली. फितीत काच कुठेच फुटलेली नव्हती. प्रश्नातला एक शब्द साक्षीदाराच्या आठवणीत असा कायमचा मिसळतो. जुन्या खुनाविषयी विचारताना तुमच्या तोंडून 'क्रूर', 'थंड डोक्याने' असे शब्द गेले, तर पुढची सगळी उत्तरे त्याच रंगाची येतील.

वकील_अंबाजोगाई · ४ नोव्हेंबर, दुपारी १.०५

मानवतचा विषय निघाला आहे म्हणून सांगतो. त्या खटल्यातला सर्वोच्च न्यायालयाचा १९७७ चा निकाल आम्ही विद्यार्थी असताना वाचला, आणि आजचे विद्यार्थीही वाचतात. माफीच्या साक्षीदाराच्या सांगण्याला स्वतंत्र पुरावा किती हवा, दंडाधिकाऱ्याने कबुलीजबाब कसा नोंदवायला हवा, या प्रश्नांसाठी तो आजही दाखला म्हणून दिला जातो. रमाकांत कुलकर्णी यांच्यासारखा मुंबईहून आलेला नामवंत तपास अधिकारी, एवढा गाजलेला खटला, आणि तरीही काही आरोपी दोषी ठरले, काही सुटले. गावात मात्र आजही एकच गोष्ट सांगितली जाते, जणू सगळेच सिद्ध झाले होते. ताई, तुम्ही गावातली गोष्ट सांगणार की निकालपत्रातली, हे आधी ठरवा, आणि दोन्ही सांगणार असाल तर कोणती कुठली आहे हे प्रेक्षकाला कळू द्या.

कायद्याच्या काही बाबी पहिल्या दिवसापासून ध्यानात असाव्यात. १९९४ साली ऑटो शंकर या तमिळनाडूतल्या फाशीच्या कैद्याच्या आत्मचरित्राच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, न्यायालयीन नोंदींसारख्या सार्वजनिक अभिलेखात असलेली माहिती प्रसिद्ध करायला संबंधिताची परवानगी लागत नाही. त्यापलीकडे त्याच्या खासगी आयुष्यात शिरलात तर जबाबदारी तुमची. लैंगिक गुन्ह्यातील पीडितेची ओळख मात्र कोणत्याही वाटेने उघड करता येत नाही. पूर्वी ते दंड संहितेचे कलम २२८-अ होते, आता भारतीय न्याय संहितेचे कलम ७२ आहे. २०१८ साली न्यायालयाने हेही स्पष्ट केले की, पीडिता हयात नसली तरी केवळ नातेवाइकांच्या संमतीवर नाव सांगता येत नाही. चेहरा झाकून घराचे दार, गल्ली आणि शाळा दाखवणे, ही आपल्याकडची नेहमीची पळवाटसुद्धा बेकायदेशीर आहे.

आणखी एक. उद्या कुणी तुमच्या कॅमेऱ्यासमोर गुन्हा कबूल केला, तर तो पोलिसांपुढचा कबुलीजबाब नव्हे. तो न्यायालयाबाहेर दिलेला कबुलीजबाब ठरतो आणि पुरावा म्हणून पुढे येऊ शकतो, जरी न्यायालये त्याला कच्चा मानतात. तुमची न वापरलेली फीतही मागवली जाऊ शकते. 'हे आपल्यातच राहील', असे वचन कुणालाही देऊ नका, कारण ते पाळण्याचे संरक्षण आपला कायदा तुम्हाला देत नाही.

खाकी_निवृत्त (जालना) · ४ नोव्हेंबर, सायंकाळी ६.३०

वकीलसाहेबांनी शेवटी जे लिहिले ते चौकटीत घालून भिंतीवर लावावे.

माझी एकतीस वर्षांची नोकरी मराठवाड्यातल्या चार जिल्ह्यांत झाली. मी ज्या खुनांचा तपास केला, त्यांत एकामागून एक माणसे मारणारा, कोडी घालणारा खुनी एकही नव्हता. धुरा म्हणजे शेताचा बांध, दारू, वाटणी, बायकोवरचा संशय आणि उसने पैसे, यांतच बहुतेक सगळे आले. ताईंना गुन्हेगाराचे मन पाहायचे असेल तर त्यांनी ते या साध्या, कुणी मालिका न काढणाऱ्या खुनांत पाहावे.

एक प्रसंग सांगतो. एका माणसाने धुऱ्यावर चुलतभावाला कुऱ्हाडीने मारले आणि पहाटे चारच्या सुमारास स्वतःच चालत ठाण्यात आला. पायात चप्पल नव्हती, धोतराचा सोगा चिखलाने भरला होता, आणि कुऱ्हाड त्याने ठाण्याच्या पायरीवर व्यवस्थित, पाते भिंतीकडे करून ठेवली होती. मी फिर्याद नोंदवायला बसलो तर तो म्हणाला, "साहेब, बैल बांधलेलेच राहिलेत, कुणाला तरी वैरण टाकायला धाडा." मी शिपाई पाठवला. तो परत येऊन वैरण टाकली म्हणाला, तेव्हा कुठे हा माणूस बोलायला लागला आणि मग सगळे सांगून मोकळा झाला. चुलतभावाची दोन लेकरे त्याच अंगणात खेळत मोठी झाली होती, त्यांचा त्याने उल्लेखही केला नाही. बैल आठवले आणि लेकरे आठवली नाहीत, याचा अर्थ मला आजपर्यंत लागलेला नाही. मनाचियेताई म्हणतात तसे, मीही निदान करत नाही. पण त्या पायरीवरच्या कुऱ्हाडीची आठवण अजून जात नाही.

पालावरचा (कळंब) · ५ नोव्हेंबर, सकाळी ११.१०

'गुन्हेगारी मानसिकता' हा शब्द या धाग्यावर येण्याआधी मला काही सांगायचे आहे. १८७१ च्या कायद्याने या देशातल्या कितीतरी जमाती जन्मानेच गुन्हेगार ठरवल्या. माझे आजोबा सोलापूरच्या वसाहतीत तारेच्या कुंपणाआड वाढले आणि रोजच्या हजेरीला उभे राहिले, कारण ते पारध्याच्या पोटी जन्मले होते. तो कायदा १९५२ च्या ऑगस्टमध्ये रद्द झाला. मी स्वतः पदवीधर आहे, शिक्षक आहे, आणि तरीही गावात चोरी झाली की पहिली गाडी आमच्या वस्तीकडे वळते. रक्तातच गुन्हा असतो, या समजुतीला एकेकाळी शास्त्र म्हणत असत, हे मानसशास्त्राच्या नावाने काम करणाऱ्याने विसरू नये.

ताई, तुरुंगात जाल तेव्हा तिथे कोण अधिक आहेत आणि जामिनाला पैसे नाहीत म्हणून कोण आहेत, हेही पाहा. सुकन्या शांता या पत्रकाराने तुरुंगांत जातीनुसार कामे वाटली जातात हे शोधून लिहिले, नंतर त्या स्वतः सर्वोच्च न्यायालयात गेल्या, आणि ३ ऑक्टोबर २०२४ रोजी न्यायालयाने ते नियम घटनाबाह्य ठरवले. विमुक्त जमातींना सवयीचे गुन्हेगार मानणाऱ्या नियमांचाही त्या निकालात विचार झाला आहे. लेखणीने हे होऊ शकते, तर कॅमेऱ्यानेही व्हावे.

मनाचिये_गुंती · ५ नोव्हेंबर, दुपारी १२.००

पालावरचा, तुमचे म्हणणे मला पूर्णपणे मान्य आहे. आमच्या विषयाच्या इतिहासातले हे पान आम्ही वर्गात पुरेसे शिकवत नाही.

औशाचे_गुरुजी · ५ नोव्हेंबर, रात्री ८.४५

विषय थोडा बाजूला जाईल, पण मला तो जोडलेला वाटतो. ३० सप्टेंबर १९९३ च्या भूकंपानंतर मी किल्लारीच्या परिसरात मदतीला होतो, आणि बाहेरून आलेल्या पत्रकारांना इंग्रजीतून समजावून सांगण्याचे काम माझ्याकडे आले. एक छायाचित्रकार एका म्हाताऱ्याला पुन्हा ढिगाऱ्यावर जाऊन बसा म्हणाला, कारण पहिल्या वेळी उजेड बरोबर नव्हता. ते मराठीत सांगणारा मी होतो. म्हातारा काही न बोलता उठला आणि सांगितले तिथे जाऊन बसला. दुसरा एक जण मात्र दोन दिवस पत्रे उचलायला लागला, तिसऱ्या दिवशी त्याने एका बाईला विचारले की, तुमच्या घरात सकाळी चूल कोण पेटवायचे. ती अर्धा तास बोलली. दोघांच्या हातात यंत्र तेच होते. दुधनाकाठताईंच्या वडिलांना मी ही एवढीच गोष्ट सांगितली असती.

हिंगोलीची_लेक · ६ नोव्हेंबर, पहाटे ५.१५

मी फारसे कुठे लिहीत नाही. गुरुजींचे वाचून रात्रभर झोप लागली नाही, म्हणून लिहिते आहे.

माझ्या थोरल्या भावाचा खून झाला त्याला आता बरीच वर्षे झाली. खटला चालू असताना एका वाहिनीची माणसे आमच्या घरी आली. बोलायला सभ्य होती. त्यांनी भावाची तसबीर मागितली, हाराची, देव्हाऱ्याशेजारची. छायाचित्र काढून लगेच परत देतो म्हणाले. ती तसबीर आम्हाला परत मिळाली नाही. भिंतीवर तिच्या जागी रंग न उडालेला चौकोन राहिला आणि आई रोज संध्याकाळी त्या चौकोनाला हात लावून मग दिवा लावायची. कार्यक्रम लागला तेव्हा त्यात माझ्या भावाच्या भूमिकेत कुणी दारू पिऊन भांडण काढणारा माणूस होता. माझा भाऊ माळकरी होता. आरोपीला मात्र त्यांनी पाच मिनिटे दिली होती. त्याचे बालपण, त्याची गरिबी, त्याचा राग, सगळे होते.

तुम्ही हे काम करू नका, असे मी म्हणत नाही. भावाला खरोखर कोणी ओळखावे, असे मला फार वाटते. पण आरोपीशी बोलायला जाण्याआधी तुम्ही आमच्याकडे यावे, काय दाखवणार आहात ते लोकांच्या आधी आम्हाला दाखवावे, आणि नेलेली वस्तू परत आणून द्यावी. ज्याने मारले तो का मारता झाला हे आम्हालाही कधीतरी जाणून घ्यायचे असते, पण ते आम्ही तयार झाल्यावर.

रानवारा · ६ नोव्हेंबर, सकाळी ९.३०

ताई, तुमचे वाचून काय लिहावे ते सुचत नाही. तुमच्या आईंना माझा नमस्कार सांगा.

दुधनाकाठ · ६ नोव्हेंबर, रात्री ११.२०

सर्वांचे मनापासून आभार. लेकताई, मला एक कबूल केले पाहिजे. मनात असलेले प्रकरण जिंतूर तालुक्यातल्या एका गावातले आहे, साधारण पंचवीस वर्षांपूर्वीचे, आणि ते जालन्याच्या खाकी काकांनी म्हटले तसे धुऱ्याचेच आहे. शिक्षा भोगून आलेला माणूस बोलायला तयार झाला आहे, म्हणून पुढच्या आठवड्यात मी आधी त्याच्याकडेच जाणार होते. ज्याचा खून झाला त्याची बहीण त्याच पंचक्रोशीत राहते, हे मला माहीत होते आणि तिच्याकडे नंतर जाऊ असे मी ठरवले होते. सोय पाहून ठरवले होते, दुसरे कारण नव्हते.

बिंदुसरा · ७ नोव्हेंबर, सकाळी ८.००

लेकताईंच्या दुःखाचा पूर्ण आदर ठेवून थोडा वेगळा विचार मांडतो. आरोपी बोलायला तयार होणे ही दुर्मिळ गोष्ट असते आणि तो महिन्याभरात मन बदलू शकतो. शिवाय कुटुंबाला आधी दाखवून त्यांच्या पसंतीने माहितीपट करायचा म्हटले, तर 'द थिन ब्लू लाइन' कधीच झाला नसता, कारण मृत पोलिसाच्या बाजूच्या लोकांना शिक्षा योग्यच वाटत होती. कुटुंबाचे ऐकावे, परंतु निर्णय त्यांच्या हाती देऊ नये.

एकाच प्रकरणात किती काळ जाऊ शकतो याचे दुसरे उदाहरण जो बर्लिंजर आणि ब्रूस सिनोफ्स्की यांचे आहे. अमेरिकेतल्या आर्कान्सा राज्यात १९९३ साली तीन लहान मुलांचे खून झाले. तीन तरुणांना शिक्षा झाली. या दोघांनी १९९६, २००० आणि २०११ असे तीन माहितीपट त्याच प्रकरणावर केले आणि ते तरुण १८ वर्षांनी सुटले.

वकील_अंबाजोगाई · ७ नोव्हेंबर, सकाळी १०.४०

बिंदुसरा, उदाहरण उत्तम आहे, पण पुरते सांगा. पहिल्या चित्रीकरणाच्या वेळी मृत मुलांपैकी एकाच्या सावत्र वडिलांनी चमूतील एकाला चाकू भेट दिला होता. त्यावर रक्तासारखा डाग दिसला तेव्हा त्यांनी तो पोलिसांच्या हवाली केला, आणि ते योग्यच झाले. पण दुसऱ्या भागात त्याच वडिलांवर संशयाचा सगळा झोत टाकला गेला, आणि तो संशय पुढे टिकला नाही. त्या तीन तरुणांची बाजू मांडताना पोटचा मुलगा मानलेले पोर गमावलेल्या माणसाला जगासमोर खुनी म्हणून उभे केले गेले. लेकताईंचे म्हणणे मला म्हणूनच अधिक पटते.

संकलनमेज (पुणे, मूळ गाव अंबड) · ७ नोव्हेंबर, रात्री ९.००

मी संकलक आहे, आणि या वादात आमच्या मेजावर काय होते तेही यावे. 'द जिंक्स' या २०१५ च्या मालिकेचा शेवट अनेकांना आठवत असेल. संशयित रॉबर्ट डर्स्ट मुलाखतीनंतर स्वच्छतागृहात जातो, अंगावरचा माईक चालूच असतो, आणि तो स्वतःशी पुटपुटतो की, मी काय केले, सगळ्यांना मारले. २०१९ साली न्यायालयात मूळ लेखी प्रत आली तेव्हा कळले की, ती वाक्ये त्या क्रमाने आणि एकमेकांना लागून आलेलीच नव्हती. संकलनात जुळवलेली होती. डर्स्टला २०२१ साली खुनाबद्दल दोषी ठरवले गेले, तरीही ती जुळवणी मला चूकच वाटते. दोन वाक्यांमधला श्वास काढून टाकला की माणसाचे मन बदलते, आणि ते आमच्या बोटाच्या एका हालचालीने होते. लोकांना हे कधी कळत नाही, म्हणून ते आम्हालाच कळले पाहिजे.

ताईंना कामाची एक गोष्ट सांगतो. शवविच्छेदनाची छायाचित्रे आणि घटनास्थळाच्या फिती महिनोन् महिने पाहाव्या लागतात. मी एका प्रकरणानंतर दोन महिने भाजी चिरू शकलो नव्हतो. आता मी अशी दृश्ये कृष्णधवल करून, लहान चौकटीत आणि आवाज बंद करून पाहतो, आणि अंधार पडल्यावर अजिबात पाहत नाही. या विषयावर वीस वर्षे काढायची असतील तर हे पहिल्या वर्षीच ठरवा.

उदगीरकर · ८ नोव्हेंबर, सकाळी ७.५०

आणि उत्पन्नाचे काय? त्यावर अजून कुणीच लिहिलेले नाही.

बिंदुसरा · ८ नोव्हेंबर, दुपारी २.३०

खरे आहे. केवळ या विषयावर मराठवाड्यात राहून घर चालणार नाही, लग्नांचे काम सोडू नका. मुंबईचा माहितीपट महोत्सव १९९० पासून भरतो, तिथे निर्माते भेटतात. आपल्याकडे अजिंठा-वेरूळ महोत्सव आहे. मोठ्या ओटीटी कंपन्या या विषयाला पैसे देतात, पण त्यांना सहसा नाव गाजलेले प्रकरण हवे असते. त्यातही चांगले काम होऊ शकते. नागपूरच्या न्यायालयात १३ ऑगस्ट २००४ रोजी वस्तीतल्या बायकांनी एका गुंडाला मारले, त्यावरची मालिका २०२२ साली आपल्या उमेश कुलकर्णी यांनी केली, आणि त्या बायकांना ऐकून घेणे तिच्यात आहे.

वकील_अंबाजोगाई · ८ नोव्हेंबर, दुपारी ३.१५

तुरुंगातल्या कैद्याची मुलाखत घ्यायची तर खर्च आणि वेळ दोन्ही हाताशी ठेवा. केंद्रीय गृह मंत्रालयाच्या २०१५ च्या सूचनांप्रमाणे ३० दिवस आधी अर्ज, एक लाख रुपयांची अनामत, आणि चित्रीकरण तपासणीसाठी तीन दिवस तुरुंग अधीक्षकांकडे ठेवणे, असे बंधन आहे. तुमचा माणूस शिक्षा भोगून बाहेर आला आहे, त्यामुळे तुम्हाला हे लागणार नाही.

दुधनाकाठ · २३ नोव्हेंबर, रात्री १०.०५

उशिरा लिहिते आहे. आरोपीकडची भेट मी पुढे ढकलली. बिंदुसरा, तुम्ही दिलेला इशारा खरा ठरू शकतो, तो कदाचित नंतर बोलणार नाही. तो धोका मी घेतला आहे. निर्णय कुटुंबाच्या हाती देणार नाही, पण पहिले पाऊल त्यांच्या अंगणात टाकायचे, एवढे मी यापुढच्या प्रत्येक कामासाठी ठरवले आहे.

वडिलांना मी हा सगळा धागा वाचून दाखवला. लेकताईंचे लिहिणे त्यांनी दोनदा वाचायला लावले. प्रश्न त्यांनी मागे घेतलेला नाही. मात्र दुसऱ्या दिवशी चष्मा लावून त्यांनी सत्र खटल्याच्या निकालाच्या नकलेसाठीचा अर्ज स्वतःच्या अक्षरात लिहिला आणि तो घेऊन न्यायालयाच्या नक्कल विभागात मला सोबत नेले. जुन्या खटल्याचा क्रमांक माझ्याकडे नव्हता. त्यांनी नोंदवहीतून वर्ष आणि गाव यांवरून तो शोधून काढला.

काल मी कॅमेरा घरी ठेवून त्या बहिणीकडे गेले. त्या दारात सूप घेऊन ज्वारी पाखडत होत्या. मी कोण, कशासाठी आले, हे सगळे सांगितले. त्यांनी सूप थांबवले नाही. शेवटी म्हणाल्या, "पंचवीस वर्षांत हे विचारायला कुणी आलं नाही. आता शेतात तूर उभी आहे. तूर निघाली की या."

हिंगोलीची_लेक · २३ नोव्हेंबर, रात्री १०.४०

तेव्हाही पहिल्या दिवशी कॅमेरा नेऊ नका.

दुधनाकाठ · २३ नोव्हेंबर, रात्री १०.४४

नाही नेणार, ताई.